कॅप्टन दिनकरांचे एकविसावे प्रकरण

हॅमिल्टन
३ सप्टेंबर २०२४

श्रीमती मंदाकिनीताई हुपरीकर यांस,
सप्रेम जयभीम आणि नमस्कार.

मराठी मंडळाच्या सेक्रेटरीने तुमचा फोन नंबर दिला होता, तरी फोन करत नाही. अडतीस वर्षं इथल्या स्टील मिलमध्ये काढली आणि निवृत्त होताना दोन्ही कान तिथेच ठेवून आलो. फोनवर मला निम्मं ऐकू येतं, उरलेलं मी मनाने भरतो, आणि त्यातून भांडणं होतात. म्हणून पत्र.

मंडळाच्या अंकातली माझी सूचना वाचून तुम्ही कळवलंत की ‘साहसविहार’ मासिकाचे जुने अंक तुमच्याकडे बांधलेले आहेत. हे वाचून मी खुर्चीतून उठलो आणि पुन्हा बसलो. घरात सांगायला कोणी नव्हतं. माझी पत्नी ताराबाई सहा वर्षांपूर्वी गेली. मुलगा प्रीतम इथून जवळच, वॉन शहरात, एका वेअरहाऊसचा मॅनेजर आहे, त्याला रविवारीही सुटी नसते.

मला हवी आहे ती सदाशिव तळवटकरांची ‘बर्फातली सोनेरी खिंड’. या गृहस्थांनी म्हणे दर महिन्याला चार मासिकांत चार कादंबऱ्या चालवल्या आणि मिरजेबाहेर पाऊल टाकलं नाही. १९६४ साली आमच्या भंडाऱ्याच्या वाचनालयात मी आणि माझा धाकटा भाऊ बळवंत, दोघांनी एका स्टुलावर बसून ती वाचली. मी तेरा वर्षांचा, तो नऊ. त्यांचा ‘कानडा’ आम्हाला तोंडपाठ होता. कॅप्टन दिनकर, त्यांचे बारा साथीदार, स्वयंपाकी भिवा. सहाव्या प्रकरणात कॅप्टन पेंग्विनची शिकार करतात. मी १९७३ मध्ये खऱ्या कॅनडात उतरलो तेव्हा पहिले काही महिने, खरंच सांगतो, पेंग्विन शोधत होतो.

अठराव्या प्रकरणाच्या शेवटी कॅप्टन दोरीला लोंबकळताहेत, खाली गोठलेली नदी, आणि वर अस्वल दोरी कुरतडतंय. पुढची पानं कुणीतरी फाडून नेली होती. साठ वर्षं तो माणूस दोरीला लोंबकळतोय. इथे आल्यावर भावाला पाठवलेल्या प्रत्येक पत्रात मी विचारायचो, शेवट सापडला का? बिचाऱ्याने नागपूरची रद्दीची दुकानं पालथी घातली.

आता बळवंतची फुप्फुसं निकामी होत आली आहेत. तो अंथरुणाला आहे. हृदयाच्या दोन ऑपरेशन्सनंतर मला डॉक्टरांनी लांबचा विमानप्रवास बंद केलाय, म्हणजे आमची भेट आता होणार नाही. त्याला शेवट वाचून दाखवावा एवढंच माझ्या हातात उरलं आहे. पानांचे फोटो पाठवता आले तर फार उपकार होतील.

आपला,
यादवराव टेंभुर्णे

सस्काटून
१२ सप्टेंबर २०२४

श्री. यादवराव टेंभुर्णे यांस,
सादर नमस्कार.

पत्र मिळालं. दारातल्या पेटीत माझ्या नावाचं, हाताने पत्ता घातलेलं पाकीट पडलं त्याला किती वर्षं झाली ते आठवेना. जाहिरातींचे कागद आणि विजेचं बिल यांच्यामध्ये ते होतं.

अंक माझ्या वडिलांनी बांधून घेतलेले आहेत. लग्नानंतर ते माझ्या ट्रंकेतून इथे आले. यजमान इथल्या विद्यापीठात मातीच्या शास्त्राचे प्राध्यापक होते, चार वर्षांपूर्वी वारले. मुलगी यामिनी व्हँकुव्हरला असते.

फोटोचं मात्र जमणार नाही. पान उलटलं की पापडासारखं मोडतं, आणि माझ्या फोनमध्ये अक्षरं धुक्यातल्यासारखी येतात. मी हाताने नक्कल करून पाठवीन. लग्नाआधी इचलकरंजीला शाळेत शिकवत होते. अक्षर चांगलं आहे, बरेच दिवस कुणाला दाखवायला मिळालं नव्हतं. सोबत एकोणीस आणि वीस ही दोन प्रकरणं आहेत.

तळवटकरांचं मला फारसं कौतुक नाही हे आधीच सांगते. वीस प्रकरणांत बाईमाणूस औषधालाही नाही, आणि गोठलेल्या नदीत मगर कुठून आली ते मगरीलाच ठाऊक. पण एका संध्याकाळी बसून लिहायला घेतलं आणि दोन तास कसे गेले कळलं नाही. माझ्या संध्याकाळी एरवी इतक्या लवकर जात नाहीत.

बळवंतरावांना नमस्कार सांगा.

मंदाकिनी हुपरीकर

हॅमिल्टन
२४ सप्टेंबर २०२४

मंदाकिनीताई यांस,
सप्रेम जयभीम.

मगर पोचली.

दर रविवारी सकाळी आठला, म्हणजे भंडाऱ्यात संध्याकाळ झालेली असते, मी बळवंतला फोन लावतो आणि वाचतो. तो जे बोलतो ते मला ऐकू येत नाही, म्हणून त्याची सून उत्कर्षा स्पीकरजवळ ओरडून सांगते. गुणी पोरगी आहे. “मोठे बाबा, बाबा हसून राहिले,” असं ती ओरडली तेव्हा शेजारच्या गोऱ्याने खिडकी उघडून पाहिलं. मगर आल्यावर बळवंत खोकला लागेपर्यंत हसला. दोन महिन्यांत पहिल्यांदा हसला असं उत्कर्षाने नंतर मेसेज करून कळवलं.

आता एकविसावं प्रकरण हवं. कॅप्टन मगरीच्या पाठीवरून खिंडीच्या तोंडाशी पोचलेत, तिथे त्यांना सोडणं बरं नाही. तुम्हाला लिहिण्याचा त्रास नको म्हणून एक सुचवतो. आमच्या आंबेडकर असोसिएशनमधल्या एकांची मुलगी कल्याणी तुमच्या विद्यापीठात शिकते. ती घरी येऊन अख्खा खंड स्कॅन करून देईल. एका दिवसाचं काम आहे.

आपला,
यादवराव

सस्काटून
१० ऑक्टोबर २०२४

यादवराव यांस,
नमस्कार.

कुणालाही घरी पाठवू नका. मुलगी चांगलीच असेल, पण ते पुस्तक माझ्या वडिलांचं आहे आणि मशीनवर उलथं घातलेलं मला पाहवणार नाही. लिहिण्याचा त्रास होत नाही. झाला तर मी सांगेन, न सांगण्याइतकी मी भिडस्त नाही.

एकविसावं प्रकरण सोबत आहे. थोडं लांबलं आहे.

इथे काल पहिला बर्फ पडला आणि दुपारी वितळला. सोमवारी थँक्सगिव्हिंग. यामिनी येणार होती, पण तिच्या ऑफिसात काही निघालं. मी भोपळा आणला होता, त्याचे घारगे केले. बरेच उरले आहेत.

बळवंतरावांना प्रकरण कसं वाटलं ते सविस्तर कळवा. नुसतं आवडलं असं नको.

मंदाकिनी

हॅमिल्टन
२ नोव्हेंबर २०२४

मंदाकिनीताई यांस,
सप्रेम जयभीम.

सविस्तर कळवतो. तळवटकरांना एकविसाव्या प्रकरणात काय झालं कोण जाणे. बाराच्या बारा साथीदार एका परिच्छेदात कड्याखाली गाडले, भिवासुद्धा. मला धक्काच बसला. वीस प्रकरणं त्यांना ओरखडा उठला नव्हता. मग कॅप्टन एकटेच लाकडी खोपीत राहतात, आणि दीड पान चहा करतात. शेगडीशी बोलतात. तिला विचारतात, आज तुझा काय बेत?

आणि त्यांचा बर्फ सुधारला. आधी तो कापसासारखा असायचा, गळ्यापर्यंत माणूस बुडायचा आणि पुन्हा कोरडा वर यायचा. इथे बूट ठेवला की करकर वाजतो. श्वास घेतला की नाकातले केस चिकटतात. सूर्याच्या दोन्ही बाजूंना दोन खोटे सूर्य दिसतात, ते मी अलीकडे वाचलं होतं, तुमच्याकडे दिसतात म्हणे. मिरजेत बसून माणसाने हे कसं लिहिलं?

बळवंत हसला नाही. शेगडीचा भाग त्याने पुन्हा वाचायला लावला. मग तिसऱ्यांदा.

एक सांगायचं आहे. बळवंतचे डॉक्टर म्हणाले, फार तर नाताळपर्यंत. ताई, मधली प्रकरणं राहू द्या. तुमच्याकडे शेवट आहेच, तो आधी पाठवा. त्याने शेवट न ऐकता जावं हे मला सहन होणार नाही. मी त्याच्यासाठी दुसरं काही करू शकलो नाही. आईवडील त्याने सांभाळले, मी इथून मनीऑर्डरी केल्या.

आपला,
यादवराव

सस्काटून
१३ नोव्हेंबर २०२४

यादवराव यांस,
नमस्कार.

तुमचं पत्र तीनदा वाचलं. शेवट आज पाठवता येत नाही. खंडाची मागची पानं ओल लागून एकमेकांना चिकटली आहेत, ती वाफ देऊन सोडवावी लागतील. सध्या बाविसावं प्रकरण पाठवते आहे. कृपा करून बळवंतरावांना सांगा की शेवट येतो आहे.

बातम्यांत टपालाच्या संपाचं चाललं आहे, म्हणून दारातला बर्फ न उपसता तशीच बाहेर पडून हे पाकीट टाकून येते.

तुम्ही मनीऑर्डरींचं लिहिलंत. यजमानांचे वडील गेले तेव्हा आम्हीही इथेच होतो. विमानाची तिकिटं मिळेपर्यंत दहावा उरकला. त्यावर घरात आम्ही कधी बोललो नाही.

मंदाकिनी

हॅमिल्टन
२० डिसेंबर २०२४

मंदाकिनीताई यांस,
सप्रेम जयभीम.

संप मिटला. तुमचं तेरा नोव्हेंबरचं पाकीट आज आलं, पाच आठवडे कुठल्या तरी ट्रकमध्ये बसून. बाविसावं प्रकरण वाचलं. चांगलं आहे.

इकडे सगळं ठीक. बळवंत आहे तसाच आहे. शेवटाची आता घाई नाही, सावकाश पाठवा. पानं नीट सोडवा, फाटू देऊ नका. मधली प्रकरणंही सगळी येऊ द्यात, कितीही असली तरी.

प्रीतम नाताळला या म्हणतो. जाईन बहुतेक. नातवंडं माझ्याशी इंग्रजीत बोलतात आणि मी ऐकू आल्यासारखं करतो, बरं जमतं आमचं.

आपला,
यादवराव

सस्काटून
३ जानेवारी २०२५

यादवराव यांस,
नमस्कार.

घाई नाही असं तुम्ही लिहिलंत, म्हणजे बळवंतरावांना उतार पडला असं मी समजते. वाचून इतकं बरं वाटलं की मी खुर्चीतच बसून राहिले. आणि मग मला माझी लाज वाटली. म्हणून हे आज लिहून टाकते आहे, उद्या धीर होणार नाही.

माझ्याकडे शेवट नाही. वडिलांचा खंड विसाव्या प्रकरणाला संपतो. पानं चिकटलेली नाहीत, ती नाहीतच. एकविसावं आणि बाविसावं मी लिहिलं. बारा माणसं मला सांभाळता येईनात म्हणून गाडली. बर्फ माझ्या खिडकीतला आहे आणि शेगडी माझी आहे.

पहिल्या पाकिटातच मी लिहायला हवं होतं की एवढंच आहे. लिहायला बसलेही होते. पण तसं लिहिलं असतं तर तुम्ही आभार मानले असते, आणि तिथे पत्रं थांबली असती. तुमचं मगरीचं पत्र आलं तेव्हा मी ते फ्रिजवर लावलं. पंचवीस वर्षांपूर्वी यामिनीची चित्रं लावायचे तिथे. त्यानंतर खरं सांगणं मला जमलं नाही.

एका मरणाच्या दारातल्या माणसाला मी फसवलं. तुम्ही मला चार शब्द बोललात तर मी ते ऐकून घेईन. बळवंतरावांना काय सांगायचं ते तुम्ही ठरवा. हवं तर मी स्वतः फोन करून त्यांची क्षमा मागते.

पाकिटात प्रकरण नाही.

मंदाकिनी

हॅमिल्टन
१६ जानेवारी २०२५

मंदाकिनीताई,

चार शब्द बोलायचा मला हक्क उरलेला नाही. बळवंत आठ डिसेंबरला गेला. वीस तारखेच्या पत्रात मी तुम्हाला खोटं लिहिलं. तो गेल्याचं कळवलं असतं तर तुम्ही दोन ओळींचं सांत्वन केलं असतं, आणि प्रकरणं कुणासाठी पाठवायची हा प्रश्न आला असता. मला ती पत्रं हवी होती. तुमचं बाविसावं प्रकरण मी रविवारी आठ वाजता स्वयंपाकघरात बसून मोठ्याने वाचलं. फोन समोर ठेवला होता, लावला नव्हता.

तुम्ही त्याला फसवलं नाहीत हे मला आधी सांगू द्या. एक डिसेंबरचा रविवार आमचा शेवटचा. संपामुळे नवीन पान नव्हतं. मी फोन लावला आणि दोघांकडेही वाचायला काही नाही म्हणून गप्प बसलो. आम्ही आयुष्यात कधी बोललो नव्हतो हे मला तेव्हा कळलं. लहानपणी वाचायचो, मग पत्रं लिहायचो, मग पुन्हा वाचायला लागलो.

मग तो बोलायला लागला आणि उत्कर्षा एकेक वाक्य ओरडून मला सांगायला लागली. “बाबा म्हणतात, एकविसावं प्रकरण तळवटकरांचं नाही. त्या बाईंनी लिहिलंय. बाबा म्हणतात, त्यांना काही बोलू नका.” मी विचारलं, तुला कसं कळलं? “बाबा म्हणतात, शेवटाचा अंक त्यांच्याकडे आहे. पंच्याहत्तर साली नागपूरला रद्दीत मिळाला होता.”

ताई, तेव्हा मला इथे येऊन दोन वर्षं झाली होती. बेसमेंटच्या एका खोलीत राहायचो आणि दर पंधरा दिवसांनी त्याला विचारायचो, शेवट सापडला का? तो लिहायचा, नाही सापडला, आता अमरावतीला चौकशी करतो. मग अकोल्याला. मग मुंबईला कुणाला तरी सांगितलंय. बारा-तेरा वर्षं हे चाललं, घरात फोन येईपर्यंत. आणि अंक त्याच्या पेटीत होता.

मी चिडलो. म्हटलं, का नाही सांगितलंस? मग उत्कर्षा सांगायला लागली, पण ओरडत नव्हती, म्हणून मी तिला पुन्हा विचारलं. तिने पुन्हा सांगितलं. “बाबा म्हणतात, शेवट लिहिला असता तर दादाने मला दुसरं काय लिहिलं असतं?”

खरंच, मी त्याला दुसरं काही लिहीत नव्हतो. मिलमधल्या गोऱ्या फोरमनबद्दल नाही, ताराबाईच्या पहिल्या बाळंतपणात मूल गेलं त्याबद्दल नाही. त्याने आईच्या आजाराबद्दल लिहिलं नाही. आम्ही दोघं कॅप्टन दिनकरांना दोरीला लोंबकळत ठेवून एकमेकांना खुशाली कळवत होतो.

तळवटकरांचा शेवट त्याने सांगितला. मासिक बंद पडत होतं म्हणून अर्ध्या पानात उरकलाय. कॅप्टन आणि बाराही साथीदार सोनं घेऊन सुखरूप स्वदेशी परतले. खाली साबणाची जाहिरात. बळवंत म्हणाला, त्या बाईंचं याहून बरं आहे.

आणि त्याने तुम्हाला एक विचारायला सांगितलं होतं. दीड महिना मी ते दाबून ठेवलं, कारण विचारलं असतं तर बाकी सगळं सांगावं लागलं असतं. शेगडीचा भाग तिसऱ्यांदा ऐकल्यापासून त्याच्या मनात होतं म्हणे. त्याचे शब्द असे आहेत: “त्या बाईंना विचार, जेवायला सोबत कोण असतं?”

आपला,
यादवराव

सस्काटून
२७ जानेवारी २०२५

यादवराव,

तुमचं पत्र हातात घेऊन मी बराच वेळ रडले. बळवंतरावांना मी कधी पाहिलं नाही, आवाजही ऐकला नाही, तरी माझंच माणूस गेल्यासारखं झालं आहे. तुम्ही दीड महिना एकट्याने हे सोसलंत आणि मला ‘सगळं ठीक’ असं लिहिलंत याचा रागही आला. तो आता गेला.

आज इथे उणे अडतीस आहे. इंजिन गोठू नये म्हणून गाडीचा विजेचा प्लग लावून ठेवला आहे, पण बाहेर जायचं असं काही नाही.

बळवंतरावांनी विचारलंय त्याचं उत्तर द्यायचं राहून जाऊ नये. सोबत कोणी नसतं. चार वर्षं झाली. मी मुगाची खिचडी करते, ती दोन दिवस पुरते. ताट घेऊन टेबलाशी बसत नाही, ओट्याशी उभ्यानेच खाते, कारण बसलं की समोरची खुर्ची दिसते. यामिनी विचारते तेव्हा मी सांगते की शेजारच्या बेबी नावाच्या बाई येतात, आम्ही एकत्र जेवतो. त्या मागच्या वर्षीच्या मार्चमध्ये वारल्या, त्यांच्या घरावर विक्रीची पाटी आहे. तरी मी दर आठवड्याला तिला सांगते की आज बेबींनी अमुक भाजी आणली.

हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. तुम्ही काल काय जेवलात, ते मला लिहा.

मंदाकिनी